खांबांची ओळखपरेड

नर्सरीत 'कॅक्टस, उंच जात' एवढीच चिठ्ठी लावलेला हिरवा खांब नेमका कोणता, हा प्रश्न विकणाऱ्याला पडत नाही आणि घेणाऱ्यालाही क्वचितच पडतो. वनस्पतिशास्त्रज्ञ मात्र त्याच्याशी पावणेतीनशे वर्षे झुंजत आहेत. लिनियसने १७५३ साली त्याला माहीत असलेले सगळे निवडुंग 'कॅक्टस' या एकाच वंशात घातले. पुढच्याच वर्षी फिलिप मिलरने त्यातले लांबट, खांबासारखे निवडुंग काढून 'सेरियस' हा वेगळा वंश केला. तेव्हापासून या खांबांची वाटणी कितीदा झाली, कितीदा मोडली आणि पुन्हा झाली, याचा हिशेब ठेवणे हेच एक स्वतंत्र काम होऊन बसले आहे.

सारखे दिसणारे खांब वेगळे कसे ओळखायचे, हा वरवर एकच प्रश्न वाटतो. प्रत्यक्षात त्यात तीन प्रश्न एकमेकांत गुंतलेले आहेत. काही खांबांचे आपसात जवळचे नातेच नाही. कोरड्या, उन्हाळ हवेने त्यांना एकाच आकारात आणले आहे. काही नात्यातले आहेत, पण जाती खरोखर वेगळ्या आहेत आणि कुठे पाहायचे हे माहीत असेल तर ओळख चटकन पटते. आणि काहींची नावे दोन आहेत, पण झाडांमध्ये कुठे सीमा आहे हे दाखवता येत नाही. पहिल्या दोन प्रश्नांना उत्तरे आहेत. तिसऱ्याला ती आहेत असे भासवले जाते, आणि बहुतेक भांडणे तिथेच होतात.

डोळ्यांत भरते ते फसवे

उभा निवडुंग पाहिला की तीन गोष्टी आधी दिसतात: धारा, काटे आणि रंग. नवशिक्याची पुस्तके यांवरच ओळख सांगतात आणि नेमके यांवरच सर्वांत कमी विसंबता येते.

धारा म्हणजे खोडावरचे उभे कंगोरे. पाऊस पडला की खोड पाणी पिऊन फुगते, दुष्काळात आकसते आणि हार्मोनियमच्या भात्याप्रमाणे या धारा उघडतात नि मिटतात. त्यामुळे त्यांची खोली हे काही लक्षण धरता येत नाही. संख्येचेही तसेच. रोप कोवळे असताना धारा थोड्या असतात. खोड जाड होत गेले की मध्येच कुठूनतरी नवी धार सुरू होते. एकाच झाडाच्या बुंध्याशी सहा आणि वर आठ धारा दिसणे यात नवल काही नाही.

काट्यांचे गणित उन्हावर आणि वयावर चालते. सावलीत वाढवलेला खांब बारीक होतो आणि त्याचे काटे खुजे राहतात; तोच उघड्यावर नेला तर वरची नवी वाढ वेगळ्याच जातीची वाटावी इतकी काटेरी येते. अनेक जातींचे कोवळे झाड भरगच्च काटेरी असते आणि म्हातारपणी जवळजवळ बोडके होते. निळसर रंग तर बहुधा सालीवरच्या मेणाचा. तो बोटाने पुसला जातो, सावलीत फिका पडतो आणि खोड जुने झाले की राखाडी हिरव्या रंगाखाली हरवतो.

मग पाहायचे कुठे? धारेच्या काठावर ठरावीक अंतराने लव असलेल्या छोट्या गाद्या असतात. त्यांना 'एरिओल' म्हणतात आणि निवडुंग कुलाची ती खरी खूण आहे. भिंगाखाली धरली तर लोकरीचा एक पुंजका दिसतो आणि त्यातून काटे निघालेले असतात. ही गादी म्हणजे खुजी राहिलेली फांदी, आणि काटे म्हणजे त्या फांदीची बदललेली पाने. नवी फांदी, कळी, फूल, जे काही यायचे ते इथूनच येते. त्यामुळे गाद्यांमधले अंतर, त्यांच्यावरची लोकर, फुलणाऱ्या गाद्या आणि न फुलणाऱ्या गाद्या यांतला फरक, या गोष्टी धारा मोजण्यापेक्षा पुष्कळ अधिक सांगतात.

त्याहून बोलके फूल. ट्रायकोसेरियस वंशाची कळी हातात घेतली तर फुलाची नळी करड्या-काळ्या केसांनी झाकलेली दिसते. फळ धरले की तेही केसाळच. सेरियसची कळी मात्र गुळगुळीत, बिनकेसांची. त्याचे फूल मिटल्यावर पाकळ्यांचा भाग गळून पडतो आणि फळाच्या टोकाशी बहुधा वाळलेली परागवाहिनी तेवढी लोंबत राहते. फळ पिकल्यावर बाजूने उकलते आणि पांढऱ्या गरात काळ्या बिया दिसतात. पिलोसोसेरियसच्या फळावर फुलाचा काळा पडलेला अवशेष तसाच चिकटून असतो. फुलाविना तासभर घातलेला वाद अशी एक कळी क्षणात मिटवते. अडचण एवढीच की हे खांब वर्षांमागून वर्षे फुलत नाहीत आणि फुलले तर बहुतेक रात्री.

नात्याविना सारखे

सह्याद्रीतल्या उघड्या कातळांवर आणि गावकुसाला दिसणारा त्रिधारी निवडुंग मराठी माणसाच्या मनात 'निवडुंग' म्हणूनच बसला आहे. शास्त्राच्या दृष्टीने तो युफोर्बिया अँटिकोरम, म्हणजे एरंडाच्या कुलातला. बांधावरचा शेर, युफोर्बिया तिरुकल्ली, हाही त्याचाच भाऊबंद. निवडुंगाचे कुल, कॅक्टेसी, मूळचे अमेरिका खंडांतले. झाडावर लोंबणारी रिप्सॅलिस बॅक्सिफेरा ही एक जात तेवढी आफ्रिका आणि श्रीलंकेतही निसर्गतः वाढते. आपल्याकडचा फड्या निवडुंग खरा कॅक्टस आहे, पण तो बाहेरून आलेला. त्रिधारी इथलाच आहे, पण कॅक्टस नाही.

दोहोंतला फरक सोपा आहे. युफोर्बियाला एरिओलची गादी नसते. काटे जोडीने येतात आणि एका कडक चकतीवर बसलेले असतात. फुले बारीक, पिवळसर. आणि खोड दुखावले की पांढरा चीक येतो. उंच खांबाच्या निवडुंगांत असा दुधी चीक नसतो. हा चीक डोळ्यांना घातक आहे, तेव्हा ओळख पटवण्यासाठी सुरी चालवण्यापेक्षा काट्याच्या बुडाशी पाहावे, तेवढे पुरते.

खुद्द निवडुंग कुलातही अशी खोटी जुळी आहेत. पांढऱ्या केसांचे 'म्हातारे' निवडुंग बाजारात एकाच नावाने मिळतात. मेक्सिकोच्या इदाल्गो राज्यातला सेफॅलोसेरियस सेनिलिस, पेरूकडचा एस्पोस्टोआ लॅनाटा आणि अँडीजच्या उंच पठारावरचा ओरिओसेरियस सेल्सियानस ही तीन वेगळ्या ठिकाणची झाडे. सेनिलिसचे केस म्हणजे लांबलेले, मऊ झालेले काटेच. ते भरड, करडे आणि खाली लोंबणारे असतात. एस्पोस्टोआचा कापूस बारीक आणि खोडाला लपेटलेला असतो, त्यातून अणकुचीदार काटे बोचतात. ओरिओसेरियसच्या केसांतून जाड, पिवळे-तपकिरी काटे उघड बाहेर आलेले दिसतात. उन्हापासून आणि थंडीपासून बचावाची एकच युक्ती निसर्गाने वेगवेगळ्या शाखांत वापरली आहे.

अर्जेंटिनाच्या सॉल्टा प्रांतातल्या लॉस कार्दोनेस राष्ट्रीय उद्यानाचा फोटो दाखवला तर दहांतले नऊ जण त्याला अ‍ॅरिझोना म्हणतील. तिथला पासाकाना आणि अ‍ॅरिझोनातला साग्वारो दोन्ही जाड, बहुधारी, हात वर केलेले. पण पासाकानाच्या फुलाची नळी दाट केसाळ, आणि दोन्ही झाडांत हजारो किलोमीटर अंतर.

सोनोराचे चौघे

दुसऱ्या प्रकारचा गोंधळ अमेरिकेच्या नैर्ऋत्य सीमेवर आणि मेक्सिकोच्या सोनोरा वाळवंटात पाहावा. तिथे उंच खांबांच्या चार जाती आहेत: साग्वारो, कार्दोन, ऑर्गन पाइप आणि सेनिता. चौघेही एकाच उपगटातले जवळचे नातलग.

सर्वांत जास्त गल्लत होते ती साग्वारो आणि कार्दोन यांची. साग्वारो म्हणजे कार्नेजिया जायगँटिया. जॉर्ज एंगलमान याने १८४८ मध्ये त्याचे सेरियस जायगँटियस असे वर्णन केले, पुढे नॅथॅनियल ब्रिटन आणि जोसेफ रोझ यांनी अँड्र्यू कार्नेगीच्या नावाने त्याला वेगळा वंश दिला. कार्दोन म्हणजे पॅकिसेरियस प्रिंगलेई, निवडुंगांतल्या सर्वांत अजस्र जातींपैकी एक. दुरून पाहताना फांद्यांकडे लक्ष द्यावे. साग्वारोचा खांब बराच उंच सरळ जातो आणि मग हात फुटतात. पहिला हात फुटायलाच पन्नास-पाऊणशे वर्षे, कधी त्याहून अधिक लागतात. कार्दोन बुंध्याजवळच फुटतो, त्याचे खोड आखूड आणि जाड, वर फांद्यांचा गठ्ठा. धाराही कार्दोनला कमी आणि रुंद असतात, पण मोजणीवर थांबू नये. फुले पाहावीत: साग्वारोची शेंड्यावर मुकुटासारखी एकवटलेली, कार्दोनची शेंड्यापासून खाली खोडाच्या अंगावर उतरलेली. फळ पाहिले तर शंकाच उरत नाही. साग्वारोचे फळ जवळजवळ बिनकाट्याचे. ते उकलले की आतला लाल गर दुरून फुलासारखा भासतो. कार्दोनचे फळ सोनेरी-तपकिरी लव आणि राठ केसांनी भरलेले.

याहूनही सोपी कसोटी भूगोलाची आहे. अमेरिकेच्या हद्दीत कार्दोन रानात उगवत नाही. बाहा कॅलिफोर्नियाच्या द्वीपकल्पावर कार्दोनचे राज्य आहे, साग्वारोचे नाही. दोघे समोरासमोर येतात ते सोनोराच्या किनारपट्टीत. म्हणजे हा पेच पडण्याची खरी जागा नकाशावर एक अरुंद पट्टा आहे. बाकी सगळीकडे 'झाड कुठे आहे?' एवढे विचारले की भागते. ही कसोटी चित्रपटवाल्यांनाही लागू आहे, कारण टेक्सासची म्हणून दाखवलेली साग्वारोची रांग टेक्सासमध्ये नसतेच.

ऑर्गन पाइप, म्हणजे स्टेनोसेरियस थर्बेरी, आणि सेनिता, म्हणजे लोफोसेरियस शॉटी, दोघेही जमिनीतूनच अनेक खांब काढतात. अ‍ॅरिझोनात १९३७ साली राखीव झालेल्या ऑर्गन पाइप कॅक्टस नॅशनल मॉन्युमेंटमध्ये दोघे एकाच परिसरात भेटतात. इथे मात्र धारा कामाला येतात, कारण फरक मोठा आहे. सेनिताला बहुधा पाच ते सात ठळक धारा, ऑर्गन पाइपला बारा किंवा त्याहून अधिक. सेनिताचे जुने, फुलणारे खांब वरच्या भागात लांब करड्या राठ केसांनी भरतात. त्या केसांतून लहान गुलाबी फुले येतात आणि उपिगा व्हायरेसेन्स नावाचा एक पतंग त्यांचे परागण करतो. हाच पतंग फुलात अंडी घालतो आणि अळी काही फळे खाऊन टाकते. ऑर्गन पाइपची फुले मोठी, रात्री उमलणारी आणि वटवाघळांवर भिस्त ठेवणारी.

हे सारे शास्त्रज्ञांच्या आधी तिथल्या लोकांना ठाऊक होते. सोनोराच्या किनाऱ्यावरचे सेरी लोक या चारही झाडांना स्वतंत्र नावांनी ओळखतात. अ‍ॅरिझोनातले तोहोनो ओओधाम साग्वारोच्या वाळलेल्या आतल्या काठ्यांची लांब आकडी करून पावसाळ्याच्या तोंडावर फळे काढतात. ज्याला फळ खायचे असते तो धारा मोजत बसत नाही, पण जात चुकत नाही.

याच प्रकारात निळे खांबही येतात. घरांतून मिरवणारा निळा निवडुंग मेक्सिकोचा मिर्टिलोकॅक्टस जिओमेट्रिझान्स असतो, ब्राझीलचा पिलोसोसेरियस पॅकिक्लॅडस असतो, नाहीतर निळसर झाक असलेला एखादा सेरियस. मिर्टिलोकॅक्टसच्या एका गादीतून लहान लहान अनेक फुले येतात, तीही दिवसा, आणि पुढे जांभळी खाण्याजोगी फळे धरतात. पिलोसोसेरियसचे काटे पिवळे-सोनेरी आणि फुलणाऱ्या गाद्यांवर पांढऱ्या लोकरीचे झुपके. एवढे धरले की निळेपणावर भाळून फसगत होत नाही.

नावे पुढे, झाडे मागे

आता तिसरा, खरा चिवट गोंधळ.

जगभरच्या बागांत, आणि भारतीय नर्सऱ्यांतही, सर्वांत जास्त लावला गेलेला उंच निवडुंग 'सेरियस पेरुव्हियानस' म्हणून ओळखला जातो. तो पेरूचा नाही. लिनियसने १७५३ मध्ये हे नाव दिले तेव्हा त्याच्यासमोर नेमके कोणते झाड होते, यावर एकमत झालेले नाही. बागेतला हा खांब बहुतांश दक्षिण ब्राझील, उरुग्वे आणि उत्तर अर्जेंटिनाचा सेरियस हिल्डमानियानस आहे. पण अनेक याद्या 'पेरुव्हियानस' हे नाव सेरियस रेपांडस या जातीत जमा करतात, आणि रेपांडस तर कुरसावो, अरुबा, व्हेनेझुएला या कॅरिबियन टापूतला. परिणामी दक्षिण ब्राझीलचे झाड कॅरिबियन नावाने विकले जाते. इस्रायलमध्ये याचीच फळपीक म्हणून लागवड झाली, शोधनिबंध निघाले, तेही 'पेरुव्हियानस' याच नावाने.

त्यात ईशान्य ब्राझीलच्या काटिंगा प्रदेशातला मांदाकारू, सेरियस जमाकारू, मिसळतो. खोडाचे लाकूड झालेला, भल्या मोठ्या काट्यांचा, वीस सेंटिमीटरांहून लांब पांढऱ्या फुलांचा हा वृक्ष तिथले शेतकरी दुष्काळात काटे भाजून गुरांना घालतात. मोठे झाड म्हणून पाहिला तर तो ओळखू येतो. हातभर छाट कुंडीत लावलेली असेल तर हिल्डमानियानसपासून वेगळा काढणे भल्याभल्यांना जमत नाही. आणि 'फेअरी कॅसल' म्हणून मिळणारे बारके, पुष्कळ शेंड्यांचे रोप 'सेरियस टेट्रागोनस' म्हणून खपते, ते अ‍ॅकँथोसेरियसचे वेडेवाकडे वाढणारे रूप आहे.

सान पेद्रोची कथा याहून उद्बोधक. अँडीजमध्ये या खांबाचा विधींत आणि औषधांत वापर फार जुना आहे. पेरूतल्या चाविन दे वांतार इथल्या प्राचीन शिल्पात उंच निवडुंग हातात धरलेली आकृती कोरलेली आहे. त्यात मेस्कलिन हे अल्कलॉइड असते, त्यामुळे ओळखीच्या प्रश्नाला कायद्याचीही बाजू आहे. १९२० मध्ये ब्रिटन आणि रोझ यांनी एकाच ग्रंथात दोन जाती वर्णिल्या. इक्वादोरच्या क्वेंका परिसरातला ट्रायकोसेरियस पाचानोई: हिरवा, आखूड किंवा नावापुरत्या काट्यांचा. आणि पेरूच्या मातुकानाजवळचा ट्रायकोसेरियस पेरुव्हियानस: निळसर, जाड, लांब तपकिरी काट्यांचा. बोलिव्हियाच्या ला पासकडचा ब्रिजेसाय आणखी वेगळा, मोजके पण बरेच लांब काटे असलेला.

टोकाचे नमुने शेजारी ठेवले तर पाचानोई आणि पेरुव्हियानस यांत गल्लत होत नाही. पण पेरूच्या दऱ्यांतून वरखाली फिरले तर या दोहोंमधली सगळी मधली रूपे भेटतात: निळे पण बिनकाट्यांचे, हिरवे पण काटेरी, अर्धे असे नि अर्धे तसे. माणसाने शतकानुशतके बांधावर, घराशी, कुंपणाला छाटी लावून हे झाड इकडून तिकडे नेले आहे, त्यामुळे 'मूळ ठिकाण' हा आधारही डळमळीत. अमेरिकेतल्या हौशी लोकांचे म्हणणे असे की त्यांच्याकडे पाचानोई म्हणून पिढ्यान्‌पिढ्या फिरलेली रोपे बव्हंशी एकाच झाडाच्या छाटी आहेत, आणि तीही अँडीजमधल्या सामान्य पाचानोईशी पुरती जुळत नाहीत. म्हणजे लोकांच्या डोळ्यांत बसलेला नमुनाच मुळात एका झाडाचा.

नावांचा प्रवास पाहा. १९७४ मध्ये हाइमो फ्रीड्रिश यांनी ट्रायकोसेरियस हा वंशच एकिनॉप्सिसमध्ये विलीन केला आणि हे झाड 'एकिनॉप्सिस पाचानोई' झाले. २०१२ मध्ये अल्बेसियानो आणि कीसलिंग यांनी साल्म-डिकने १८५० साली दिलेल्या 'मॅक्रोगोनस' या जुन्या नावाला नवा प्रमाण-नमुना नेमला, पेरुव्हियानसला त्यात सामावले आणि पाचानोईला त्याचाच एक प्रकार ठरवले. आज लंडनच्या क्यू वनस्पती-उद्यानाच्या याद्या हेच मानतात. झाड तिथेच उभे आहे. शंभर वर्षांत त्याची पाटी दोनदा बदलली.

इतकी धरसोड का? एक कारण नमुन्यांचे. निवडुंग कागदाखाली दाबून वाळवता येत नाही. पाणीदार खोड सडते किंवा ओळखू येणार नाही इतके आकसते. एकोणिसाव्या शतकातली पुष्कळ वर्णने युरोपातल्या काचघरांत वाढलेल्या, कुठून आली ते ठाऊक नसलेल्या कोवळ्या रोपांवरून लिहिली गेली. जे जपले होते त्यातलेही बरेच गेले: बर्लिनच्या हर्बेरियमचा मोठा भाग १९४३ च्या बॉम्बहल्ल्यात जळाला. दुसरे कारण माणसांचे. कुर्ट बाकेबर्ग या जर्मन संग्राहकाने १९५८ ते १९६२ दरम्यान सहा खंडांत निवडुंग कुलाची मांडणी केली आणि काट्याच्या लांबीइतक्या फरकावरही नव्या जाती उभ्या केल्या. त्याच्यानंतरच्यांनी उलट टोकाला जाऊन घाऊक विलीनीकरण केले. रोपांचे कॅटलॉग मात्र बाकेबर्गचीच नावे लावत राहिले, कारण जास्त नावे म्हणजे जास्त माल.

जनुकांनी काय केले

डीएनएच्या अभ्यासाने हे सारे एकदाचे निकाली निघेल अशी अपेक्षा होती. ती अर्धीच पुरी झाली. बोरिस श्लुम्पबर्गर आणि सुझान रेनर यांनी २०१२ मध्ये एकिनॉप्सिस गटाची वंशावळ मांडली, तेव्हा तो मोठा वंश एका पूर्वजाचा नाहीच असे दिसले. उंच खांब आणि गोल चेंडू ही रूपे या गटात एकदा नव्हे, अनेकदा बदलली होती. म्हणजे 'दोघेही उंच आहेत, तर जवळचे असतील' हा अंदाज मुळातच चुकीचा. त्यातून ट्रायकोसेरियस पुन्हा वेगळा वंश म्हणून उभा राहिला.

२०१७ मध्ये साग्वारो, कार्दोन, सेनिता आणि ऑर्गन पाइप या चौघांच्या जनुकसंचांची तुलना झाली. ज्या जाती शेतातल्या माणसालाही वेगळ्या काढता येतात, त्यांचे आपसातले नाते मात्र जनुके एकमुखाने सांगेनात. एक जनुक एक वंशावळ दाखवी, दुसरे दुसरी. यांच्या पिढ्या फार लांब असतात, त्यामुळे पूर्वजातली विविधता शाखा फुटल्यानंतरही दीर्घकाळ मिसळलेली राहते. त्यात संकर आहेच. बाहा कॅलिफोर्नियात बर्गेरोकॅक्टस हा बुटका, सोनेरी काट्यांचा निवडुंग आणि बलाढ्य कार्दोन यांचा नैसर्गिक संकर रानात सापडतो. मिर्टिलोकॅक्टसशीही त्याच बर्गेरोकॅक्टसचा संकर झालेला आहे. दोन वेगळे वंश जिथे एकमेकांत मिसळतात तिथे दोन जातींमध्ये तारेचे कुंपण शोधण्यात अर्थ किती?

यातून निघते ते असे. ओळख आणि नाते हे दोन वेगळे प्रश्न आहेत. जाती ओळखू येतात पण त्यांचे नाते लागत नाही, असे होऊ शकते. नाते नक्की लागते पण त्यांच्यात सीमा नाही, असेही होऊ शकते. सोनोराचे चौघे पहिल्या प्रकारचे, सान पेद्रोची मंडळी दुसऱ्या.

चुकले तर बिघडते काय?

कुंडीतल्या खांबाचे नाव चुकले तर कोणाचे काही बिघडत नाही. पण नाव चुकल्याने बिघडते, याचा भारताला जुना अनुभव आहे. १७९५ मध्ये किरमिजी रंगाच्या उद्योगासाठी ब्राझीलहून कोचिनील कीटक आणला गेला. हवा होता डॅक्टिलोपियस कॉकस. आला तो दुसराच, डॅक्टिलोपियस सिलोनिकस. रंग काही धड मिळाला नाही, पण या किड्याने माजलेल्या फड्या निवडुंगातली एक जात, ओपंशिया मोनाकँथा, फस्त केली. दुसरी, अगदी तशीच दिसणारी ओपंशिया डिलेनाय, त्याने तोंडालाही लावली नाही. तिच्यासाठी १९२६ मध्ये श्रीलंकेतून वेगळा कोचिनील आणावा लागला. माणसाने कीटक ओळखण्यात चूक केली, कीटकाने निवडुंग ओळखण्यात केली नाही.

उंच खांबांबाबत हाच धडा दक्षिण आफ्रिकेत गिरवला जातो आहे. तिथे जमाकारू आणि हिल्डमानियानस दोन्ही उपद्रवी परकीय वनस्पतींच्या यादीत आहेत आणि जमाकारूवर हायपोजिओकॉकस हा पिठ्या ढेकूण सोडण्यात आला. तो शेंड्यांवर बसतो आणि वाढ वेडीवाकडी करून फुले-फळे रोखतो. पण त्याच गटातले ढेकूण पुएर्तो रिकोत शिरले तेव्हा तिथल्या मूळच्या उंच निवडुंगांवर तुटून पडले. आणि ज्या ढेकणाला एकच जात समजत होते त्यात अनेक जाती लपल्या आहेत, हे नंतर कळले. तण कोणते आणि त्याचा वैरी कोण, दोन्हीकडे नेमकी ओळख लागते.

संवर्धनाचेही तेच. २०१५ च्या जागतिक पाहणीत तपासलेल्या १,४७८ निवडुंग जातींपैकी ३१ टक्के धोक्यात असल्याचे आढळले. हा आकडाच जाती कुठे तोडायच्या यावर उभा आहे. दोन जाती एक केल्या की एक धोक्यातली जात यादीतून नाहीशी होते, दरीतली झाडे मात्र तेवढीच कमी राहतात. आंतरराष्ट्रीय व्यापारावर नजर ठेवणाऱ्या साइट्स कराराने म्हणूनच जवळजवळ अख्खे कुल यादीत घातले आहे; बंदरावरच्या अधिकाऱ्याने बिनफुलाच्या रोपाची जात ठरवावी अशी अपेक्षा ठेवली तर करार कागदावरच राहील. साग्वारो राष्ट्रीय उद्यानात तर चोरीच्या भीतीने झाडांत मायक्रोचिप बसवल्या आहेत. आपले झाड ओळखण्यासाठी तिथे खात्रीची खूण धारा किंवा काटे यांत शोधली नाही, बाहेरून घातली.

पाटीवर काय लिहावे

या साऱ्या आढाव्यातून हौशी माणसाने घ्यायचे ते थोडके आहे. आधी गादी आणि चीक पाहून निवडुंग आहे की युफोर्बिया ते ठरवावे. मग वंश: कळीची नळी केसाळ की गुळगुळीत, फुले मोठी की लहान, एका गादीतून एक की अनेक. फूल नसेल तर वंशापाशी थांबावे. जातीचे नाव लिहायचेच असेल तर त्याआधी 'सदृश' हा शब्द घालावा. शास्त्रज्ञही आपापल्या खुणांनी हेच करतात. आणि रोप कोणाकडून, कोणत्या गावाहून, कोणत्या साली आले हे पाटीच्या मागे नोंदवावे. नावे बदलत राहतील, पाटीमागची ही नोंद बदलणार नाही आणि पुढच्या संशोधकाला तीच उपयोगी पडेल.

फोटोवरून ठामपणे जात सांगणारा जाणकार आपल्याला मोठा वाटतो. या कुलात तरी उलट धरावे. साग्वारो आणि कार्दोन यांत जो बोट ठेवून फरक दाखवतो आणि काटेरी, निळसर, बेवारस सान पेद्रोच्या छाटीपुढे 'हे सांगता येणार नाही' म्हणतो, त्याचा अभ्यास खरा. दोन्ही उत्तरे त्याला एकाच अभ्यासाने दिलेली असतात.